तारेतल्या बाई

नलिनीताईंची आणि माझी पहिली ओळख झाली तेव्हा मी त्यांना भूत समजले होते. त्यांच्या पंच्याहत्तरीच्या गौरवग्रंथात असं वाक्य पहिलंच घालावं की नाही, यावरून आमच्या नातीचं आणि माझं जरा वाजलं. ती म्हणाली, "आजी, बाकीच्यांनी दीपस्तंभ म्हटलंय." म्हटलं, म्हणू दे. दीपस्तंभ मी पाहिलेला नाही. भूत निदान ऐकलेलं आहे. संपादकांनी 'जे घडलं ते सांगा' असा निरोप दिला, म्हणून सांगते. लिहिणारा हात नातीचा, तोंड माझं.

बहात्तरच्या मोठ्या दुष्काळानंतरही आमच्या भागात दुष्काळ येतच राहिले. त्यांतल्याच एका उन्हाळ्यात आमचा वाडा मुकुंदवाडीच्या पुढच्या माळावर येऊन थांबला. धनगराचा वाडा म्हणजे चिरेबंदी नव्हे हो. दोन घोडी, एक पाल, आमच्या आत्याबाई म्हणजे सासूबाई, आमचे मालक, काखेतली लेक घेतलेली मी आणि मेंढरं, एवढाच. शहर तेव्हा तिथवर पोचलेलं नव्हतं, पण येऊ घातलं होतं. माळावर चुन्याच्या रेघा मारलेल्या, कोपऱ्याकोपऱ्याला दगड रोवलेले, आणि घर एकही नाही. न बांधलेल्या घरांच्या मधून आम्ही मेंढरं चारायचो. आत्याबाई त्या रेघा ओलांडताना पदर सावरत. म्हणत, "कुनाच्या चुलीवर पाय पडायला नको."

माळाच्या मधोमध रेडिओचा मनोरा होता. ताडाच्या चौपट उंच, नुसतं लोखंड. भोवती काटेरी तारेचं गंजलेलं कुंपण. तिथं बांध होता, म्हणून थोडी सावली होती, म्हणून आम्ही तिथं.

दुसऱ्याच दिवशी, टळटळीत बाराची वेळ. वारा नाही, पाखरू नाही. मेंढरं एकमेकींच्या पोटाखाली डोकी घालून उभी. आणि कुंपणाजवळ कुणी बाई बोलायला लागली. आवाज बारीक, पत्र्यातून गाळून यावा तसा. मी भोवती पाहिलं. चारी अंगाला माळ मोकळा. बाई म्हणाली, "नमस्कार. कसे आहात सगळे?"

मी म्हटलं, "बरी हाय." विचारलं तर सांगावं लागतं.

मग पुढं होऊन बघते, तर आवाज तारेतून येत होता. जिथं दोन गंजक्या तारा एकमेकींना घासत होत्या, बरोब्बर तिथून. कान जवळ नेला तर शब्द न् शब्द कळत होता. बाई बियाणांचं, खतांचं काहीतरी सांगत होती आणि मधूनच हसत होती. पाऊस नसलेल्या माळावर, माणूस नसलेल्या जागी, बियाणांचं बोलून हसणारी बाई. मी घाबरून आत्याबाईंना हाक मारली. त्यांनी ऐकलं, पालात गेल्या आणि हळदकुंकू, एक लिंबू आणि अर्धी भाकर घेऊन आल्या. सगळं कुंपणाच्या खांबाशी ठेवलं आणि हात जोडून म्हणाल्या, "बाई, तू कोन असशील ती अस. माझ्या लेकरांच्या वाटंला जाऊ नको."

तार म्हणाली, "आपण ऐकत होता, त्याबद्दल आभारी आहे."

मंडळी, तुम्ही हसाल. आम्ही हसलो नाही.

रोज बाराला ती बाई बोले आणि रोज आत्याबाई तिला भाकर ठेवत. आठवडाभरानं एक जीप आली. त्यातून मनोरा बघायला इंजिनिअरसाहेब उतरले आणि त्यांच्या मागून एक सडपातळ मुलगी, घामानं निथळलेली. ती आत्याबाईंजवळ येऊन म्हणाली, "मावशी, थोडं पाणी मिळेल का?"

आत्याबाईंच्या हातातला तांब्या पडला. त्या सालात पाणी सांडणं म्हणजे काय, ते मी सांगायला नको. "हीच ती! तारेतली!" त्या ओरडल्या. मुलीनं आधी मागं वळून पाहिलं, तिथं कुणी आहे की काय म्हणून. त्याच आपल्या नलिनीताई.

इंजिनिअरसाहेबांनी समजावलं, की ही रेडिओ केंद्रावर बोलते, ते या मनोऱ्यातून हवेत जातं, आणि मनोरा इतका जवळ असला की गंजक्या तारेत, पत्र्याच्या पेटीत, कुठंही तो आवाज अडकतो.

आत्याबाईंनी विचारलं, "म्हंजी अडकतो तर व्हय?"

"हो, मावशी."

"मंग मी दुसरं काय म्हनते हाय?"

इंजिनिअरसाहेब मनोऱ्याकडं वळले. ताईंचं लक्ष मात्र खांबाकडं होतं. तिथलं वाळलेलं लिंबू, कुंकू, मुंग्या लागलेली भाकर. त्यांना सगळं कळलं. त्या खाली बसल्या, भाकरीचा एक तुकडा झटकून तोंडात घातला आणि म्हणाल्या, "मावशी, माझं मला पोचलं." आमच्या घरात त्यांना तेव्हापासून परकं कुणी म्हटलं नाही.

'माळावरचे निरोप' हा कार्यक्रम केंद्रानं सुरू केला असं कागदोपत्री असेल. तो सुरू केला आत्याबाईंनी. त्या दिवशी जीप निघताना त्यांनी सांगितलं, "एवढा लांब जातो तुझा आवाज, तर माझ्या भावाला सांग की आमी हितं हाय." हे त्यांनी सहज सांगितलं होतं. ताईंनी मनावर घेतलं. आमची माणसं मेंढरांमागं चार दिशांना पांगलेली. कोण कुठं उतरलंय, कुठल्या ओढ्यात पाणी आहे, कुणाला लेकरू झालं, काही कळायची सोय नव्हती. दुष्काळात तर पाण्याचा ठावठिकाणा म्हणजे जीव. ताईंनी वरच्या साहेबांशी भांडून दुपारी बाराचा अर्धा तास आमच्यासाठी मोकळा करून घेतला. आमच्यातल्या तिघाचौघांकडं ट्रान्झिस्टर होते; ज्याच्याकडं असे त्याच्याभोवती बारा वाजता माणसं आणि मेंढरं दोन्ही गोळा होत. आम्हाला ट्रान्झिस्टर लागत नव्हता. आमच्याकडं कुंपण होतं.

आमच्यात लिहिणारा कुणी नाही, तेव्हा पत्र येणार कुठून? ताईच शहागंजात जात. तिथं एका घोंगडीवाल्याच्या दुकानाच्या ओट्यावर वही घेऊन बसत आणि घोंगड्या विकायला आलेली माणसं सांगतील ते उतरवून घेत. जे सांगितलं तेच वाचायचं, हा त्यांचा नेम. एकदा एकानं भावाला निरोप दिला. दुसऱ्या दिवशी तारेतून बाई अगदी शुद्ध आवाजात म्हणाल्या, "दादा, खडकाच्या ओढ्याला पाणी आहे. या वेळी तरी वाट चुकू नको. पुढे 'गाढवा' असंही म्हटलेलं आहे." आत्याबाई पोट धरून हसल्या. तो भाऊ मात्र बरोबर पोचला. नुसतं पाणी सांगितलं असतं तर पुन्हा चुकला असता, असं ताईंचं मत.

एकच निरोप त्या वाचत नसत. मरणाचा. असा निरोप आला की तो त्या ज्याचा त्याला जाऊन सांगत, मग कितीही लांब असो. फुलंब्रीकडं एका म्हातारीचा लेक गेला, तेव्हा एसटीनं आणि मग उन्हातून पायी चालत गेल्या. तिच्याजवळ दिवसभर बसल्या आणि तोंडाची सालं निघालेल्या अवस्थेत परत आल्या. मी म्हटलं, "ताई, वाचून टाकलं असतं तर एवढी होरपळ झाली नसती." त्या म्हणाल्या, "भागाबाई, हवेला तोंड नसतं. मेल्याचं सांगताना सांगणाऱ्याचं तोंड दिसायला पाहिजे." हे वाक्य लक्षात ठेवा. पुढं लागणार आहे.

आता आमच्या हाकेचं सांगते, कारण बाकीचं सगळं तिच्यावर आहे. धनगराच्या एकेका घराची मेंढरांना मारायची आपली हाक असते. ती हाक ऐकली की माळावर पाच घरची मेंढरं मिसळलेली असली तरी आपली तेवढी बाजूला होतात. आमच्या घराची हाक म्हणजे खालून वर चढत जाणारा लांब 'हूऽऽ', आणि शेवटी दोनदा तुटका 'ये'. सासऱ्यांची तीच, आमच्या मालकांची तीच, ते नसले की माझी तीच. पण हाक म्हणजे अर्धंच काम. हाकेनं मेंढरं गोळा होतात आणि उभी राहतात. मग शीळ द्यायची. तीन तुकड्यांची, मधला लांब. शीळ म्हणजे 'चला पाण्यावर'. हाक दिली आणि शीळ दिली नाही, तर मेंढरं उभीच राहतात. मेंढराला धीर लई.

आणि आमच्या घराण्यात एक पाळणूक आहे. दुसऱ्यांचं मला ठाऊक नाही. घरातला हाक देणारा गेला की तेरा दिवस घरच्या कुणी हाक द्यायची नाही, शीळ द्यायची नाही. गेलेला अजून वाटेवर असतो. आपली हाक कानावर पडली की माघारी वळतो.

ताईंना हाका माहीत होत्या, ही पाळणूक माहीत नव्हती. त्यांनी घरोघरीच्या हाका फितीवर घ्यायला सुरुवात केली. आठवड्याला एक हाक कार्यक्रमात वाजे. आमची पाळी आली तेव्हा मालकांना केंद्रावर नेलं. मीही गेले. खोली अशी, की स्वतःचा श्वास ऐकू येतो. भिंतींना भोकं, पायाखाली गालिचा, मधे एक दांडा, त्याच्या टोकाला माईक. मालक दांड्यापुढं उभे राहिले आणि त्यांच्या तोंडून आवाजच फुटेना. म्हणाले, "म्होरं मेंढरू नाय. हाक कुनाला मारू?"

ताई विचारात पडल्या. मग जीप पाठवून आमचं एक कोकरू आणवलं. ते गालिच्यावर उभं राहिलं, त्यानं आधी त्याला जे करायचं ते केलं, आणि मग मालकांनी अशी हाक दिली की काचेपलीकडचे साहेब खुर्चीतून उठले. पण हाक पुरी होते न होते तोच फीत संपली. शीळ राहिली. ताई म्हणाल्या, "पुढच्या वेळी घेऊ."

बाहेर व्हरांड्यात त्यांनी मालकांना धरलं. "मला शिकवा शीळ." मालक लाजले. पण जीभ कुठं ठेवायची, खालचा ओठ कसा ताणायचा, ते दाखवलं. ताईंनी गाल फुगवून जोर केला. नुसतं फुस्स. मी म्हटलं, "ताई, तुमच्या शिळेनं मेंढरं नाय यायची. पंक्चर काढनारा मातर धावत यील." मालक हसले. त्यांचा समोरचा एक दात पडलेला होता. हसले की तिथं अंधार दिसे. त्यांचं ते हसणं मला असं सारखं आठवतं.

उन्हाळा आणखी चढला. माळावरचं शेवटचं काटूकही संपलं. मालक धडधाकट मेंढरं घेऊन गोदेच्या पात्राकडं निघाले. विणीला आलेल्या आणि अशक्त मेंढ्या, कोकरं, आत्याबाई आणि मी मागं राहिलो. मेंढ्या मी मुकुंदवाडीच्या रुळांपलीकडच्या खदानीवर पाण्याला नेत असे. तळाशी हिरवट पाणी होतं, पण होतं.

पुढचं मला जसं कळलं तसं सांगते. त्या दिवशी सकाळी केंद्रावर नदीकाठच्या गावातून फोन आला. आमच्या मालकांना उन्हानं गाठलं होतं. वाळूतच त्यांना अग्नी दिलेला होता. निरोप घ्यायला ताईच बसलेल्या होत्या. बाराला थोडाच वेळ होता. कार्यक्रम टाकून त्यांना उठता येईना. आणि त्या दिवशीच्या कार्यक्रमाला लावून ठेवलेली फीत होती आमच्या मालकांच्या हाकेची.

ताईंनी मला नंतर सांगितलं, की त्या फितीकडं बघत बसल्या. त्यांच्या मनात आलं, भागाबाई तिच्या लेखी अजून सवाष्ण आहे. तासाभरानं मी जाऊन तिचं कुंकू पुसणार. त्याआधी तिनं आपल्या माणसाचा आवाज जित्या माणसाचा म्हणून एकदा ऐकावा. त्यांनी फीत वाजवली.

इकडं तारेतून बाई म्हणाल्या, "आता ऐका बिरूजींची हाक." नवऱ्याचं नाव तारेतून आलं तसा मी पदर डोक्यावर ओढला. आणि मग हाक आली. बारीक, गंजलेली, पण त्यांचीच. सगळ्या मेंढ्या एकदम उठल्या. ज्या दोन दिवस उठल्या नव्हत्या त्याही उठल्या. कुंपणाला अंग लावून, मनोऱ्याकडं तोंड करून उभ्या राहिल्या. मी तारेला म्हटलं, "आलात का? आन् तारंतनं? पायी येववत नाय व्हय आता?"

असं बोलले मी. मेलेल्या माणसाला. मला माहीत नव्हतं.

तासाभरात जीप आली. ताई एकट्याच उतरल्या. त्या चालत येत होत्या तेव्हा मला त्यांचं तोंड दिसलं. त्यांना काही बोलावं लागलं नाही, तरी त्या बोलल्या. सगळं, पहिल्यापासून, फीत वाजवल्याचंही लपवलं नाही. मी त्यांच्यावर रागावले नाही. अजूनही नाही. आत्याबाईंनी मात्र डोळ्याला पदर लावला नाही. त्या मेंढ्यांकडं बघत होत्या. मेंढ्या अजून तशाच उभ्या होत्या.

त्या हलल्याच नाहीत. संध्याकाळी नाही, दुसऱ्या दिवशी नाही. काठीनं रेटावं तर चार पावलं जात आणि फिरून कुंपणाला येत. शेजारच्या वाड्याच्या सोयऱ्यानं आपलं खांड, म्हणजे मेंढरांचा कळप, आणलं, त्यात आमच्या मेंढ्या मिसळल्या आणि आपली शीळ दिली. त्याची गेली, आमच्या उभ्या. पाण्याची बादली पुढं ठेवली तर तोंड वळवून मनोऱ्याकडं. हाक आलेली होती, हाक देणारा अजून दिसायचा होता. दोन कोकरं उभ्याची खाली बसली, ती पुन्हा उठलीच नाहीत. सांगायचं तर त्या मेंढ्याच तेवढ्या आता आमच्याजवळ होत्या. त्या गेल्या की मी आणि लेक उद्या कुणाच्या दारात उभ्या राहणार, हे मला लख्ख दिसत होतं.

आणि माझ्या ओठांत शीळ होती. घरातली शीळ. एकदा दिली असती तर मेंढ्या पाण्यावर गेल्या असत्या.

आत्याबाई म्हणाल्या, "तुला मेंढरं पायजेत का त्येला वाट मोकळी पायजे, तूच ठरीव." त्यांचा लेक होता. मी काय बोलणार?

ताई दुसऱ्या दिवशी पुन्हा आल्या. मेंढ्या बघून त्यांना कळेना. आत्याबाईंनी त्यांना सांगितलं, हाकेचं, शिळेचं, तेरा दिवसांचं. "पोरी, तू त्येला बोलावलंस. आन् सोडलं नाय. आता त्यो बी हितंच आन् ही बी हितंच."

ताई कुंपणाशी गेल्या. त्यांनी तारेवर हात ठेवला आणि झटकन काढला. तार उन्हानं तापलेली होती, एवढंच असेल. म्हणाल्या, "मावशी, मी काय करू?"

"काय बी करू नको. बोलू नको. तुझ्या बोलन्यात त्येला वाट गावत नसंल."

आता रेडिओवर बोलणाऱ्या माणसाला 'बोलू नको' म्हणणं म्हणजे काय, हे आपल्यातल्या जाणकारांना ठाऊक आहे. केंद्र मुकं राहिलं तर तो तिथं गुन्हाच. ताई जीपमध्ये बसल्या.

तिसऱ्या दिवशी बारा वाजले. मी आणि आत्याबाई कुंपणाजवळ बसलेलो. मेंढ्यांचे डोळे आत गेलेले. तारेतून बाई म्हणाल्या, "नमस्कार." आणि थांबल्या.

तार मुकी झाली. पण रिकामी नाही. कुणीतरी तोंड उघडून थांबल्यासारखी. मनोऱ्याची सावली त्याच्या पायाशी गोळा झालेली. माझ्या ओठांनी आपोआप आकार घेतला, तो आत्याबाईंनी पाहिला आणि माझ्या तोंडावर हात दाबून धरला. त्यांच्या तळव्याला राखेचा वास होता. किती वेळ गेला मला माहीत नाही.

मग तारेतून शीळ आली.

तीन तुकड्यांची, मधला लांब. मधल्या तुकड्यात थोडी हवा निसटत होती. पडलेल्या दातातून निसटते तशी. शिकाऊ माणसाच्या ओठातूनही तशीच निसटते, म्हणा.

मेंढ्यांनी कान हलवले. सगळ्यात म्हातारी मेंढी वळली. तिच्यामागं बाकीच्या, एकीमागं एक, चुन्याच्या रेघा ओलांडत, न बांधलेल्या घरांतून, मुकुंदवाडीच्या रुळांकडं आणि खदानीकडं. मी त्यांच्या मागं धावले. वळून पाहिलं तर आत्याबाई तारेला हात लावून उभ्या होत्या. थोड्या वेळानं म्हणाल्या, "गेला." आणि मग रडल्या.

आता ती शीळ कुणाची? मी इतकी वर्षं हेच विचारत आलेय. शीळ फितीवर नव्हती, हे मी डोळ्यांनी पाहिलेलं. ज्यांच्याकडं ट्रान्झिस्टर होते त्या सगळ्या वाड्यांनी पुढं सांगितलं, की त्या दुपारी बाई 'नमस्कार' म्हणाल्या आणि नंतर नुसती खरखर. शीळबीळ कुणी ऐकली नाही. केंद्रातून ताईंना कागद आला, की विनापरवानगी शांतता का राखली, खुलासा करा. शीळ का वाजवली, असं कुणी विचारलं नाही. म्हणजे ती त्यांची नव्हती.

पण दुसऱ्या दिवशी ताई मला भेटायला आल्या, तेव्हा त्यांचा खालचा ओठ सुजून टम्म झालेला होता. रात्रंदिवस शीळ शिकत बसल्यावर सुजावा तसा. मी विचारलं, "ताई, ओठाला काय झालं?"

"चहानं भाजला."

"एवढा?"

"फार गरम होता, भागाबाई."

बस. त्यापुढं त्यांनी तोंड उघडलं नाही. मी दरवर्षी विचारते, त्या दरवर्षी चहाचंच सांगतात. हजारो लोकांना रोज खरं सांगणाऱ्या बाई एवढ्या एका गोष्टीत मला फसवतात. की फसवत नाहीत, हेही मला कळत नाही.

त्या खुलाशापायी ताईंची बढती मागं पडली, असं त्यांच्या सोबतच्या लोकांनी सांगितलं. त्या स्वतः कधी बोलल्या नाहीत. मेंढ्या जगल्या, त्यांच्यावर लेक वाढली, तिचं लग्न झालं. ताईंनी मला पुढं आपल्या कार्यक्रमात बसवलं. ओव्या, मेंढरांची दुखणी, पावसाच्या खुणा, जे येत होतं ते मी सांगत गेले. म्हणजे मी त्यांची सहकारी. हसू नका, तसं नातीनं संपादकांना लिहून दिलेलं आहे. त्यांनी मला अक्षरं शिकवायचा चंग बांधला होता, दोनदा पाटीही आणली. मी शिकले नाही. मला लिहिता आलं असतं तर निरोप सांगायच्या निमित्तानं त्यांच्याकडं जाता आलं नसतं.

हाकेच्या त्या फितीवर पुढं कुणा पाहुण्याची मुलाखत चढली. मालकांचा आवाज गेला. मग रेघांवर घरं आली. मनोरा उतरवला, कुंपण भंगारात गेलं. आत्याबाई तोवर नव्हत्या. नाहीतर भंगारवाल्यामागं धावल्या असत्या. मी आता पुंडलिकनगरात नातीकडं असते, ताई दोन गल्ल्या सोडून. दुपारी त्या ताक प्यायला येतात. बारा वाजले की आमचं बोलणं आपोआप थांबतं. बाल्कनीची लोखंडी जाळी आहे. आम्ही दोघी तिच्याकडं बघत नाही. पण गप्प असतो.

परवा मी त्यांच्या घरी जाऊन पुन्हा विचारलं. म्हटलं, "आता पंच्याहत्तरी आली. आता तरी सांगून टाका." ताईंनी कवळी काढून वाटीत ठेवलेली होती. माझ्याकडं बघून ओठ ताणले, जीभ जागेवर नेली. अगदी मालकांनी दाखवली होती तिथं, एवढ्या वर्षांनी. आणि थांबल्या. म्हणाल्या, "खरंच सांगू, भागाबाई?"

मी त्यांच्या तोंडावर हात ठेवला. आत्याबाईंनी माझ्या तोंडावर ठेवला होता तसाच.

घरी येऊन विचार केला, की मी असं का केलं. ती शीळ ताईंची असेल, तर परक्या बाईनं माझ्यासाठी ओठ फोडून घेतले, यापेक्षा मोठं माणूस मी पाहिलेलं नाही. मालकांची असेल, तर ते वाटेवरून मेंढ्यांपुरते माघारी वळले आणि मग गेले. मला दोन्ही हवं आहे. ताई आहेत आणि चहाचं सांगताहेत, तोवर दोन्ही माझं आहे.

म्हणून नलिनीताईंना माझं मागणं एवढंच, की त्यांनी पुष्कळ जगावं. शंभरी पार करावी, गुडघे सांभाळावेत, उन्हात हिंडू नये, आणि माझ्या आधी जायचा विचारही करू नये. मी त्यांच्यापेक्षा चारसहा उन्हाळ्यांनी मोठी आहे, तेव्हा हे त्यांना जड नाही. सत्काराच्या दिवशी मंडळींनी भाषणं जरूर करावीत. फक्त दुपारी बाराला माईक थोडा वेळ मोकळा ठेवा. टाळ्या नकोत, काही नको. ताईंना व्यासपीठावर नुसतं बसू द्या. मी खाली, मांडवाच्या लोखंडी खांबाला टेकून बसलेली असेन.